आदेशाआधीचे ऐकणे : शेवगावच्या निर्णयाधिकाऱ्यांस खुले पत्र

प्रति,
मा. तहसीलदार तथा तालुका दंडाधिकारी, शेवगाव,
आणि तालुक्यातील नागरिकांच्या हक्कांवर आदेश देणारे सर्व अधिकारी

विषय : आदेशापूर्वी बाजू मांडण्याचा नागरिकाचा हक्क

महोदय,

नागरिकाच्या हिताविरुद्ध आदेश काढण्याआधी पाच गोष्टी व्हाव्या लागतात. त्याच्यावर नेमका आक्षेप काय ते त्याला कळवावे लागते. त्या आक्षेपाला आधार असलेले कागद त्याला दाखवावे लागतात. उत्तराला पुरेसा वेळ द्यावा लागतो. जो निर्णय देणार त्यानेच त्याचे म्हणणे ऐकावे लागते. आणि त्या म्हणण्याला उत्तर देणारी कारणे लिहूनच निर्णय करावा लागतो. या पाच गोष्टी मिळून प्रशासकीय कायद्यातला न्याय्य सुनावणीचा हक्क होतो. हा हक्क न्यायालयाच्या इमारतीपुरता नाही. फेरफार मंजूर करणारा मंडळ अधिकारी, रस्त्याची केस चालवणारा तहसीलदार, टपरी हटवणारा मुख्याधिकारी, निराधाराचे अनुदान थांबवणारी शाखा, सरपंचाला अपात्र ठरवणारा जिल्हाधिकारी यांपैकी कोणीही न्यायाधीश नाही. पण यांच्या सहीने माणसाची जमीन, धंदा, पोट किंवा पद जाऊ शकते. म्हणून सहीआधी ऐकणे ही त्या सहीच्या अधिकाराचीच अट आहे.

ही अट तालुक्याच्या पातळीवर सर्वांत महत्त्वाची ठरते. शेवगावच्या शेतकऱ्याला तहसीलदारांचा निर्णय पटला नाही तर पाथर्डी उपविभागाच्या प्रांताधिकाऱ्यांकडे अपील, त्यापुढे अहिल्यानगरची जिल्हाधिकारी कचेरी, त्यापुढे नाशिकचे विभागीय आयुक्त आणि शेवटी उच्च न्यायालयाचे औरंगाबाद खंडपीठ, अशी चढण आहे. प्रत्येक पायरीला वकिलाची फी, नकलांचा खर्च, बुडालेली मजुरी आणि गेलेली वर्षे मोजावी लागतात. कागदावर या चार पायऱ्या असल्या तरी बहुतेकांना तहसील कचेरीच परवडते. त्यामुळे पहिल्या टेबलावर जे ऐकले गेले तेवढेच त्यांच्या वाट्याचे ऐकणे असते. वरची न्यायालये चूक दुरुस्त करू शकतात, पण पहिल्या सुनावणीची जागा घेऊ शकत नाहीत. तोवर शेताचा बांध हललेला असतो, टपरी मोडलेली असते.

दोन्ही बाजू ऐकूनच निवाडा करायचा, ही रीत या मुलखाला नवी नाही. मराठेशाहीत वतनाचा तंटा गोतसभेपुढे गेला की सभेचा निवाडा मान्य करू असे दोन्ही पक्षांकडून लिहून घेत, जामीन घेत, मग दोघांच्या तकरिरी (निवेदने), साक्षी आणि जुने कागद पाहून महजर, म्हणजे निवाड्याचा कागद, होई. त्या सभांत जातीची आणि स्त्री-पुरुषांची विषमता होती, हे विसरता येणार नाही. आधुनिक कायद्याने ती रीत जातपात न पाहता प्रत्येकाला लागू केली, हे त्याचे मोठे काम. इंग्लंडमध्ये १८६३ साली कूपर विरुद्ध वँड्सवर्थ मंडळ या खटल्यात, नियम मोडून बांधलेले घर पाडण्याचा अधिकार मंडळाला असला तरी मालकाला न ऐकता ते पाडता येत नाही, असा निर्णय झाला. कायद्यात ऐकण्याची तरतूद लिहिलेली नव्हती. ती न्यायालयाने न्यायाच्या सामान्य तत्त्वातून वाचली.

भारतात सर्वोच्च न्यायालयाने हे तत्त्व टप्प्याटप्प्याने पक्के केले. १९६७ साली बिनापाणी देई प्रकरणात ओडिशातल्या एका सरकारी डॉक्टरची जन्मतारीख त्यांना पुरेशी संधी न देता बदलून त्यांना निवृत्त केले होते. ज्या प्रशासकीय आदेशाने माणसाच्या हक्कांवर परिणाम होतो त्यालाही नैसर्गिक न्यायाची तत्त्वे लागू आहेत, असे न्यायालयाने ठरवले. १९६९ च्या क्रायपाक निकालाने प्रशासकीय काम आणि न्यायसदृश काम यांतली भिंत जवळजवळ पाडली. १९७८ च्या मनेका गांधी निकालात पासपोर्ट जप्त करताना कारणे न सांगणे आणि बाजू न ऐकणे हा प्रश्न होता. त्यातून घटनेच्या २१ व्या अनुच्छेदातली ‘कायद्याने ठरवलेली पद्धत’ ही न्याय्य, वाजवी आणि मनमानीपासून मुक्त असली पाहिजे हे तत्त्व आले. तेव्हापासून हा हक्क कोणत्याही एका अधिनियमावर अवलंबून राहिला नाही. अधिनियम गप्प असला तरी ऐकावेच लागते.

महाराष्ट्रासाठी यातला सर्वांत जवळचा निकाल मुंबईच्या पदपथांवरून आला. १३ जुलै १९८१ रोजी मुख्यमंत्री अ. र. अंतुले यांनी पदपथांवर आणि झोपड्यांत राहणाऱ्यांना हटवून त्यांच्या मूळ गावी पाठवण्याची घोषणा केली. मुंबई महानगरपालिका अधिनियमाच्या कलम ३१४ मध्ये अशी अतिक्रमणे नोटिशीशिवाय काढण्याचा अधिकार आयुक्तांना होता. १० जुलै १९८५ रोजी सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या अध्यक्षतेखालील घटनापीठाने ओल्गा टेलिस प्रकरणात निकाल दिला. नोटीस न देण्याची मुभा म्हणजे नोटीस न देण्याची सक्ती नव्हे, असे पीठाने सांगितले. नोटीस टाळणे हा अपवाद आहे आणि ती टाळण्याजोगी परिस्थिती होती हे अधिकाऱ्याला दाखवता आले पाहिजे. न्यायालयाने आणखी एक गोष्ट स्पष्ट केली : ऐकण्याचे मोल केवळ निकाल बदलतो की नाही यावर ठरत नाही. ज्याच्याविषयी निर्णय होतो त्याला त्या निर्णयात बोलू देणे हेच माणूस म्हणून त्याला मान देणे आहे. पदपथावर राहण्याचा हक्क न्यायालयाने मान्य केला नाही, तरीही ऐकले जाण्याचा हक्क मान्य केला. या दोन गोष्टी वेगळ्या आहेत. ज्याची बाजू शेवटी टिकणार नाही त्यालाही ती मांडायची संधी असतेच.

आता या हक्काचे घटक एकेक करून पाहता येतात. पहिला घटक नोटीस. ‘आपण शासकीय जागेवर अतिक्रमण केल्याचे निदर्शनास आले आहे. तरी सात दिवसांत लेखी खुलासा करावा, अन्यथा नियमानुसार कारवाई करण्यात येईल,’ अशा छापील मजकुराची नोटीस अनेक कचेऱ्यांतून निघते. तिला उत्तर देता येत नाही, कारण तिच्यात प्रश्नच नाही. कोणता गट नंबर, कोणत्या बाजूला किती फूट, कोणत्या तारखेच्या मोजणीवरून, कोणत्या अधिनियमाच्या कोणत्या कलमाखाली आणि कोणती कारवाई, यांतले काहीच तिच्यात नसते. प्रस्तावित कारवाई कोणती ते नोटिशीत स्पष्ट असले पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ च्या गोरखा सिक्युरिटी निकालात काळ्या यादीच्या संदर्भात सांगितले. उलट दिशेची चूकही तितकीच घातक आहे. नोटिशीतच ‘आपण दोषी आहात’ असे ठरवून टाकले तर पुढची सुनावणी हा देखावा ठरतो, असे २०१० च्या ओरिक्स फिशरीज निकालात म्हटले आहे. चांगली नोटीस आक्षेप नेमका सांगते आणि निर्णय मोकळा ठेवते.

नोटीस लिहिली, पण पोहोचली नाही, तर ती नसल्यासारखीच. शेवगाव-पाथर्डी पट्ट्यात हा प्रश्न ऋतुचक्राशी बांधलेला आहे. दसरा-दिवाळीनंतर कोयता, भांडीकुंडी आणि लेकरे घेऊन कितीतरी कुटुंबे ऊसतोडीला बाहेर पडतात आणि उन्हाळ्यात परततात. डिसेंबरात कुलूप लागलेल्या दारावर चिकटवलेली नोटीस मार्चपर्यंत पावसाविनाही उन्हाने, वाऱ्याने फाटून जाते. फायलीत मात्र ‘नोटीस दर्शनी भागावर डकवून बजावली’ असा दोन पंचांच्या सह्यांचा अहवाल असतो, आणि पुढच्या तारखेला ‘सामनेवाले गैरहजर, प्रकरण एकतर्फी’ अशी रोजनाम्यात नोंद होते. कागद बरोबर, माणूस बेखबर. कुटुंब कोणत्या कारखान्याच्या टोळीत गेले आहे ते गावात सर्वांना ठाऊक असते. मुकादमाचा फोन नंबरही असतो. अशा वेळी कोतवालामार्फत फोनवर कळवून तशी नोंद करणे, व्हॉट्सॲपवर नोटिशीची प्रत पाठवणे आणि तातडी नसेल तर तारीख उन्हाळ्यात ठेवणे यासाठी नव्या नियमाची गरज नाही. बजावणीचा हेतू माणसाला कळावे हा आहे, एवढे लक्षात ठेवले की पुरे.

दुसरा घटक कागद. ज्या पंचनाम्यावर, मोजणीच्या नकाशावर किंवा चौकशी अहवालावर निर्णय उभा राहणार तो संबंधिताला दिला पाहिजे. जात पडताळणीच्या बाबतीत महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९४ साली सविस्तर पद्धत आखून दिली. दक्षता पथकाचा अहवाल उमेदवाराविरुद्ध असेल तर त्याची प्रत नोटिशीसोबत देऊन त्याचे म्हणणे घ्यावे, असे तिच्यात आहे. पुढच्याच दशकात महाराष्ट्राने जात प्रमाणपत्रांसाठी स्वतंत्र अधिनियमही केला. नोकरदारांच्या विभागीय चौकशीबाबत १९९३ च्या करुणाकर निकालाने चौकशी अहवालाची प्रत शिक्षेपूर्वी देणे बंधनकारक केले. हेच तत्त्व तालुक्यातल्या स्थळपाहणीला लागू पडते. रस्त्याच्या केसमध्ये मंडळ अधिकारी बांधावर जाऊन येतो, नकाशा काढतो, ‘वहिवाट दिसून येते’ असे लिहितो आणि तो कागद थेट फायलीला लागतो. ज्याच्या शेतातून रस्ता जाणार त्याला तो पाहायला मिळाला नाही, तर तो कशाला उत्तर देणार?

तिसरा घटक वेळ. किती दिवस पुरेसे, हे प्रकरणावर अवलंबून असते. पण काही ठिकाणी आकडा ठरलेला आहे. २०१३ च्या भूसंपादन अधिनियमात प्राथमिक अधिसूचनेनंतर हरकतीसाठी ६० दिवस आहेत, राष्ट्रीय महामार्ग अधिनियमात २१. बांधकामे पाडण्याबाबत न्या. भूषण गवई आणि न्या. के. व्ही. विश्वनाथन यांच्या पीठाने १३ नोव्हेंबर २०२४ रोजी देशभरासाठी निर्देश दिले. कारणे दाखवा नोटीस नोंदणीकृत टपालाने पाठवावी, शिवाय बांधकामावर ठळक जागी लावावी. उत्तरासाठी स्थानिक कायद्यातली मुदत किंवा १५ दिवस यांतले जे जास्त ते द्यावे. प्रत्यक्ष सुनावणी द्यावी. कारणांसह आदेश काढावा. आदेशानंतरही १५ दिवस थांबावे. पाडकामाचे चित्रीकरण करावे. रस्ता, पदपथ, रेल्वेमार्ग, नदी यांसारख्या सार्वजनिक जागेवरच्या अनधिकृत बांधकामांना आणि न्यायालयाच्या आदेशाने होणाऱ्या पाडकामांना हे निर्देश लागू नाहीत. त्यामुळे रस्त्यालगतच्या टपरीला हे सगळे संरक्षण आपोआप मिळत नाही. पण जागा खरोखर रस्त्याची आहे की खासगी, हाच वाद असेल तेव्हा मोजणी दाखवून ऐकणे टाळता येत नाही.

चौथा घटक प्रत्यक्ष ऐकणे आणि ऐकणारा माणूस. प्रत्येक प्रकरणात तोंडी सुनावणी हवीच असे नाही. साध्या प्रश्नात लेखी म्हणणे पुरते. पण जिथे कोण खरे बोलतो हे ठरवायचे आहे, साक्षीदार आहेत, किंवा समोरचा माणूस लिहू-वाचू शकत नाही, तिथे समोर बसवून ऐकण्याला पर्याय नाही. १९५८ साली गुल्लापल्ली नागेश्वर राव प्रकरणात आंध्र प्रदेशातल्या बसमार्गांच्या योजनेवरच्या हरकती सचिवाने ऐकल्या आणि निर्णय मुख्यमंत्र्यांनी दिला. ऐकणारा एक आणि ठरवणारा दुसरा असेल तर सुनावणी पोकळ ठरते, असे न्यायालयाने म्हटले. तालुक्यात हे सहज घडते. युक्तिवाद एका तहसीलदारांपुढे होतो, प्रकरण ‘निकालासाठी बंद’ होते, बदली येते आणि निकाल नव्या अधिकाऱ्याच्या सहीने निघतो. किंवा तारखेला अव्वल कारकून म्हणणे घेतो आणि साहेब फक्त सही करतात. नव्या अधिकाऱ्याने दोन्ही बाजूंना पुन्हा एक तारीख देऊन थोडक्यात ऐकले तर हा दोष सरळ निघून जातो.

तारखांचाही यात भाग आहे. मुंगीहून किंवा बोधेगावहून माणूस सकाळच्या एसटीने शेवगावला येतो, बाराला पुकारा होतो, आणि साहेब निवडणुकीच्या कामात, पंचनाम्यात किंवा व्हिडिओ कॉन्फरन्सवर असल्याने पुढची तारीख मिळते. रोजनाम्यात त्याची ‘हजर’ एवढी एका शब्दाची नोंद होते. पाचव्या वेळी तो येत नाही, आणि त्या दिवशी मात्र प्रकरण चालते. तहसीलदारांवर महसूल, निवडणूक, आपत्ती, कायदा-सुव्यवस्था, योजना या सगळ्यांचा भार आहे, हे खरे आहे आणि तो भार सरकारने हलका केला पाहिजे. पण आठवड्यातला एक ठरावीक दिवस फक्त सुनावणीचा ठेवणे आणि तो रद्द करायचा झाला तर आदल्या दिवशी पक्षकारांना फोनवर कळवणे, हे आहे त्या मनुष्यबळात जमणारे काम आहे.

वकील लावण्याचा प्रश्न याच घटकाचा भाग आहे. प्रशासकीय चौकशीत वकील हा सरसकट हक्क नाही. तरी मुंबई पोर्ट ट्रस्टच्या एका कर्मचाऱ्याच्या प्रकरणात, व्यवस्थापनाच्या बाजूने कायद्याचे शिक्षण घेतलेले अधिकारी उभे असताना कर्मचाऱ्याला वकील नाकारणे अन्यायाचे आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला ठरवले. दोन बाजूंचे बळ विषम असेल तिथे अधिकाऱ्याने कमजोर बाजूला आधार घेऊ दिला पाहिजे.

ऐकणारा निःपक्ष असणे हेही यातच येते. क्रायपाक प्रकरणात निवड मंडळाचा एक सदस्य स्वतःच उमेदवार होता. स्वतःच्या नावाची चर्चा चालू असताना तो बाहेर होता, पण प्रतिस्पर्ध्यांची नावे तपासताना मात्र आत होता. न्यायालयाने ती निवड रद्द केली. पक्षपात सिद्ध व्हावा लागत नाही. त्याची वाजवी शक्यता पुरते. गावात भावकी, पक्ष आणि पाहुणे यांचे धागे सगळीकडे पोहोचलेले असतात. ज्या प्रकरणात नात्याचा किंवा हितसंबंधाचा धागा आहे ते अधिकाऱ्याने वरिष्ठांना कळवून दुसऱ्याकडे वर्ग करावे.

पाचवा घटक कारणे. १९५१ साली गोरधनदास भानजी प्रकरणात अंधेरीतल्या एका चित्रपटगृहाची परवानगी मुंबईच्या पोलीस आयुक्तांनी सरकारच्या सांगण्यावरून रद्द केली होती. सर्वोच्च न्यायालयाने दोन गोष्टी सांगितल्या. ज्याला अधिकार दिला आहे त्याने तो स्वतःच्या विचाराने वापरला पाहिजे. आणि आदेश जसा लिहिला आहे तसाच वाचला जाईल, नंतर दिलेल्या स्पष्टीकरणाने तो भरून काढता येणार नाही. १९७७ च्या मोहिंदरसिंग गिल निकालाने याच मुद्द्याला बळ दिले. ‘अर्जदाराचे म्हणणे वाचले, सामनेवाल्याचे म्हणणे वाचले, कागदपत्रांचे अवलोकन केले, सबब खालीलप्रमाणे आदेश’ एवढ्यावर थांबणाऱ्या निकालपत्रात अवलोकन आहे, कारण नाही. हरलेल्या बाजूचा मुख्य मुद्दा कोणता होता आणि तो का मान्य झाला नाही, हे दोन ओळींत तरी लिहिले पाहिजे. कारण लिहायला बसले की अधिकाऱ्यालाही स्वतःच्या निर्णयाची कच्ची जागा दिसते.

कारणे मागण्याचा हक्क या जिल्ह्याच्या चळवळीशी जोडलेला आहे. पारनेर तालुक्यातल्या राळेगणसिद्धीहून अण्णा हजारे यांनी माहितीच्या अधिकारासाठी जे आंदोलन चालवले त्याचा महाराष्ट्राच्या कायद्यात मोठा वाटा आहे. त्यानंतर २००५ चा केंद्रीय अधिनियम आला. त्याच्या कलम ४ मध्ये, प्रशासकीय किंवा न्यायसदृश निर्णयांची कारणे बाधित व्यक्तींना पुरवणे हे सार्वजनिक प्राधिकरणाचे कर्तव्य म्हणून लिहिले आहे. २०१५ च्या महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियमानेही अर्ज फेटाळायचा तर कारणे लेखी कळवणे बंधनकारक केले. संजय गांधी निराधार योजनेतले अनुदान हयातीचा दाखला किंवा आधारची जोडणी अडल्याने थांबते, तेव्हा म्हातारी बँकेत खेपा घालत राहते. का थांबले हे तिला कोणी लिहून देत नाही. दरमहाच्या दीड हजार रुपयांवर ज्याची औषधे चालतात त्याच्यासाठी ते अनुदान थांबणे हा आदेशच आहे, मग तो संगणकाने दिलेला का असेना. थांबवण्याआधी कळवणे आणि दुरुस्तीला मुदत देणे त्यालाही लागू आहे.

हे पाचही घटक एकत्र पाहायचे तर फेरफाराची नोंद पाहावी. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम १५० मध्ये सुनावणीचा सगळा नमुना दिला आहे. तलाठ्याने, म्हणजे आताच्या ग्राम महसूल अधिकाऱ्याने, नोंद धरली की तिची प्रत चावडीत लावायची आणि ज्यांचा ज्यांचा संबंध असेल त्या सर्वांना लेखी कळवायचे. हरकत लेखी चालते, तशीच तोंडीही चालते. ती आली की तिची पोच ताबडतोब द्यायची आणि तक्रारी प्रकरणांच्या नोंदवहीत ती चढवायची. मग अव्वल कारकुनापेक्षा खालच्या दर्जाचा नसलेला अधिकारी दोन्ही बाजू ऐकून निर्णय करतो. नोटीस रीतसर बजावल्याशिवाय नोंद प्रमाणित करता येत नाही. हस्तदोषाच्या नावाने कलम १५५ खाली दुरुस्ती करतानाही नोटीस आणि हरकतींचा निकाल अनिवार्य आहे.

या नमुन्यात सर्वांत जास्त गळणारी व्यक्ती म्हणजे लग्न होऊन बाहेरगावी गेलेली लेक. बाप गेला की वारस नोंदीचा अर्ज भाऊ करतो. वारसांत तिचे नाव असते किंवा नसते. असले तर नोटिशीवरची सही कधी भाऊच करतो, कधी ‘घरच्यांनी स्वीकारली’ असा शेरा पडतो. काही महिन्यांनी हक्कसोड किंवा वाटणीची नोंद येते आणि तिच्या सासरच्या पत्त्यावर काहीच जात नाही. २००५ पासून हिंदू कुटुंबातली मुलगी वडिलोपार्जित मालमत्तेत मुलाइतकीच हिस्सेदार आहे. पण हा हिस्सा नोंदीच्या टप्प्यावर टिकला तरच प्रत्यक्षात येतो. तिचा फोन नंबर अर्जातच मागणे, नोटीस तिच्या राहत्या पत्त्यावर पाठवणे, आणि ती तलाठ्यापुढे येऊन ‘मला हे मान्य नाही’ एवढे तोंडी म्हणाली तरी ते लिहून घेऊन पोच देणे, हे संहितेतले शब्द जसेच्या तसे पाळणे आहे. तिला ‘लेखी आणा, वकील आणा’ म्हणून परत पाठवणे कायद्याला धरून नाही. ‘आपली चावडी’ या संकेतस्थळावर फेरफाराच्या नोटिसा आता मोबाइलवर दिसतात. ती सोय चांगली आहे, पण लेखी कळवण्याच्या जागी ती येऊ शकत नाही.

लोकांनी निवडून दिलेल्यांचा प्रश्न याच धाग्यातला आहे. महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम ३९ खाली गैरवर्तनासाठी सरपंचाला पदावरून दूर करायचे तर जिल्हा परिषदेच्या मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांची चौकशी आणि वाजवी संधी आवश्यक आहे. अपात्रतेच्या प्रश्नातही जिल्हाधिकाऱ्यांना ऐकावे लागते. उरणच्या नगराध्यक्षांच्या प्रकरणात २०१२ साली आणि जळगाव जिल्ह्यातल्या विचखेड्याच्या महिला सरपंचांच्या प्रकरणात २०२४ साली सर्वोच्च न्यायालयाने अशा कारवाया रद्द केल्या. विचखेड्यात आक्षेप सासूच्या शासकीय जागेवरच्या घराचा होता. वस्तुस्थिती नीट न तपासता, निवडून आलेल्या बाईंना सहजगत्या हटवले गेले याबद्दल न्यायालयाने नापसंती व्यक्त केली. तिथे एका व्यक्तीबरोबर तिला मत देणारे गावही ऐकायचे राहून गेले होते.

हक्काला अपवाद आहेत आणि ते मान्य केले पाहिजेत. गोदावरीला पूर आला असताना गाव रिकामे करणे, भेसळीचा माल ताब्यात घेणे, धोकादायक भिंत उतरवणे यांत आधी ऐकायला वेळ नसतो. तिथे कृती आधी आणि सुनावणी लगेच नंतर होऊ शकते. सर्वांना सारखा लागू होणारा नियम करताना प्रत्येकाला स्वतंत्र ऐकण्याची गरज नसते. शासकीय नोकरांच्या बाबतीत घटनेच्या ३११ व्या अनुच्छेदानेच काही प्रसंग वगळले आहेत आणि १९८५ च्या तुलसीराम पटेल निकालाने त्यांना मान्यता दिली. पण अपवाद सांगणाऱ्याने तो सिद्ध करायचा असतो. जिथे महिनाभर फाइल टेबलावर होती तिथे शेवटच्या दिवशी तातडी सांगता येत नाही.

न ऐकता दिलेल्या आदेशाचे काय होते, यावर न्यायालयांची भूमिका थोडी बदलत गेली आहे. १९८० च्या एस. एल. कपूर निकालाने, न ऐकणे हेच नुकसान आहे आणि ज्याने ऐकले नाही त्याने ‘ऐकूनही फरक पडला नसता’ असे म्हणू नये, असे सांगितले. पुढे १९९६ च्या एस. के. शर्मा निकालापासून, पद्धतीतल्या प्रत्येक छोट्या चुकीने आदेश रद्द होत नाही, प्रत्यक्ष नुकसान दिसले पाहिजे, ही कसोटी वापरात आली. दोन्ही एकत्र वाचले तर अर्थ असा : नोटीसच नाही किंवा ऐकलेच नाही, तर आदेश सहसा टिकत नाही, एखादा कागद उशिरा मिळाला, तर त्याने काय बिघडले ते दाखवावे लागते.

यातूनच प्रशासनाचे स्वतःचे हितही दिसते. गोदाकाठी वाळूचा बेकायदा उपसा करणाऱ्याला संहितेच्या कलम ४८ खाली बाजारभावाच्या पाचपट दंड होऊ शकतो. पंचनाम्याची प्रत न देता, म्हणणे न घेता असा दंड बसवला तर खरा वाळूतस्कर अपिलात सुटतो, तोही गुन्हा न तपासला जाता. फेरसुनावणीसाठी परत आलेले प्रकरण पुन्हा त्याच टेबलावर येते, दुप्पट काम घेऊन. नीट ऐकून, कारणे लिहून बसवलेला दंड मात्र वरपर्यंत टिकतो. निरपराधाचे रक्षण आणि अपराध्याला टिकणारी शिक्षा, ही दोन्ही एकाच सुनावणीतून होतात.

नागरिकाच्या बाजूनेही काही कामे आहेत. नोटीस आली की टाळू नये. न घेतलेली नोटीसही बजावली गेली असे धरले जाऊ शकते. नोटीस मोघम असेल तर आधारभूत कागदांची मागणी लेखी करून तिच्यावर पोच घ्यावी. म्हणणे तारखेआधी दाखल करावे, दिलेल्या कागदांची यादी जोडावी, रोजनाम्यात आपली हजेरी आणि मागणी नोंदली गेली का ते पाहावे. संधी मिळाली नाही तर तो मुद्दा त्याच टप्प्यावर लेखी घ्यावा. अपिलात तो पहिल्यांदा काढला तर त्याचे वजन कमी होते.

शेवटचा भाग अपिलाचा. संहितेच्या कलम २५० प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याच्या आदेशाविरुद्ध ६० दिवसांत आणि इतर आदेशांविरुद्ध ९० दिवसांत अपील करावे लागते. पुनरीक्षणातही खासगी पक्षांच्या हक्कांबाबतचा आदेश बदलण्याआधी दोघांना नोटीस देऊन ऐकावे लागते. ही मुदत ज्याला माहीत नाही त्याचा हक्क न वापरताच संपतो. म्हणून शेवगाव तालुक्यातून निघणाऱ्या प्रत्येक प्रतिकूल आदेशाच्या अखेरीस तीन ओळी असाव्यात : अपील कोणाकडे, किती दिवसांत, आणि आदेशाची प्रत कोणत्या तारखेला कशी दिली. नोटीस नेमकी, कागद सोबत, सुनावणीचा दिवस ठरलेला, ऐकणाराच निर्णय देणारा, कारणे लिहिलेली आणि अपिलाची वाट दाखवलेली, एवढे या तालुक्याच्या कचेऱ्यांत नेमाने झाले तर न्याय्य सुनावणीचा हक्क इथल्या शेवटच्या खातेदारापर्यंत पोहोचेल, आणि त्यासाठी त्याला खंडपीठाची पायरी चढावी लागणार नाही.

कळावे,
शेवगाव तालुक्यातील एक खातेदार